न्यू जर्सीचे लायसन्स टेक्सासमध्ये बदलून घेताना
न्यू जर्सीहून डॅलसला आल्यावर जुन्या लायसन्सची मुदत संपेपर्यंत त्यावरच गाडी चालवता येईल का, हा मूळ प्रश्न आहे. तसे करता येत नाही. वास्तव्य सुरू झाल्यापासून ९० दिवसांत टेक्सासचे लायसन्स घ्यावे लागते. परीक्षेची धास्ती मात्र अनाठायी आहे, कारण प्रौढ व्यक्तीकडे दुसऱ्या राज्याचे वैध लायसन्स असल्यास लेखी आणि प्रत्यक्ष अशा दोन्ही चाचण्या माफ होतात. खरी मेख आहे ती कामांच्या क्रमात: आपल्या नावावर गाडी असल्यास तिच्या टेक्सासमधील नोंदणीचा आणि विम्याचा पुरावा लायसन्सच्या अर्जासोबत मागितला जातो, आणि नोंदणीची मुदत तर केवळ ३० दिवसांची आहे, त्यामुळे काउंटीच्या (जिल्ह्यासारख्या स्थानिक विभागाच्या) कर कार्यालयातील गाडीच्या नोंदणीचे काम आधी उरकावे. एच-१बी या नोकरीसाठीच्या तात्पुरत्या व्हिसाधारकांच्या लायसन्सची मुदत आय-९४ या अमेरिकेतील प्रवेशाच्या नोंदीवरील वास्तव्याच्या मुदतीशी जोडलेली असते. वास्तव्याची मुदतवाढ तोंडावर आली असेल, तर ९० दिवसांची मर्यादा सांभाळून नवी मंजुरी हाती आल्यावर लायसन्ससाठी जाणे माझ्या मते शहाणपणाचे. जुने लायसन्स अर्ज करताना कार्यालयातच जमा होते आणि नवे टपालाने येईपर्यंत तात्पुरत्या कागदी परवान्यावर भागवावे लागते, म्हणून त्या काळात विमानप्रवास असल्यास पासपोर्ट जवळ ठेवावा.