तिळाच्या कुकीज दुसऱ्या दिवशी सादळतात, मदत हवी आहे

नमस्कार मंडळी,

मला तिळाच्या पातळ, मोडताना कट्कन आवाज येणाऱ्या कुकीज करायच्या आहेत. चव मनासारखी जमते, रंगही छान येतो, पण कडा तेवढ्या कुरकुरीत होतात आणि मधला भाग मऊच राहतो. रात्रभर डब्यात राहिल्या की कडाही सादळतात.

माझं प्रमाण असं: मैदा १५० ग्रॅम, बटर १०० ग्रॅम, ब्राऊन शुगर ८० ग्रॅम, मध १ मोठा चमचा, १ अंडं, भाजलेले तीळ ६० ग्रॅम (थोडे वरून लावायला ठेवते), बेकिंग सोडा पाव छोटा चमचा, चिमूटभर मीठ. गोळे चपटे करून, आधी तापवलेल्या ओव्हनमध्ये १८० अंश सेल्सिअसला १२ मिनिटं भाजते. वेळ वाढवून पाहिला, तर वरचे तीळ कडवट होतात आणि आतला मऊपणा तसाच. त्यामुळे 'अजून थोडा वेळ ठेवा' एवढ्याने काम होणार नाही असं वाटतं.

तीळ आणि मध ही जोडी मला फार आवडते, मध काढायचं जिवावर येतं. तो ठेवून कुरकुरीतपणा साधेल का? आणि अंडं यात नेमकं काय करतं?

प्रतिसाद:
आधी पिठात पाणी किती जातंय ते बघा. कवच सोडून अंडं साधारण ५० ग्रॅम, त्यात तीन चतुर्थांश पाणी. बटरमध्येही १६ टक्क्यांच्या आसपास पाणी असतं. म्हणजे १५० ग्रॅम मैद्यामागे पन्नासेक ग्रॅम पाणी झालं. जाड गोळ्यातून ते १२ मिनिटांत निघत नाही. कडा पातळ, म्हणून तेवढ्याच वाळतात. शिवाय ब्राऊन शुगर आणि मध दोन्ही ओलावा धरून ठेवतात, हवेतलाही ओढून घेतात.

मी तुमच्या जागी असते तर अंडं काढलं असतं. पीठ मिळून आलं नाही तर चमचाभर दूध पुरे. साखर पांढरी, बारीक दाण्याची घ्या. पीठ दोन बटर पेपरांमध्ये ४ मिलिमीटर जाड लाटून अर्धा तास फ्रिजमध्ये ठेवा, मग कापा. भाजायचं १६० अंशांना, १८ ते २२ मिनिटं. वेळ वाढतो हे खरं, पण आच उतरवल्यामुळे तीळ करपायच्या आत पाणी निघून जातं. बाहेर काढल्यावर जरा मऊच लागतील, साखर गार होताना घट्ट होते.

आणखी एक प्रतिसाद:
पाण्याचा हिशोब पटला. मी तिळाबद्दल सांगते. तिळात जवळजवळ निम्मं तेल असतं. आधीच भाजलेले तीळ वर लावले की ओव्हनमध्ये दुसऱ्यांदा भाजले जातात आणि कडू होतात. आत घालायचे तीळ हलके भाजा, वर लावायचे कच्चेच ठेवा. कुकीवर पाण्याचं बोट फिरवा आणि ती बाजू तिळात दाबा, गळणार नाहीत.

कुणी बटरऐवजी तूप सुचवेल. तुपात पाणी नसतं हे बरोबर, पण कुकी भुसभुशीत होते, तोंडात विरघळते. तुम्हाला आवाज हवाय, तर बटरच बरं. मध अगदी काढू नका, १ छोटा चमचा ठेवा. तिळासोबत तेवढ्यानेही वास येतो.

धागाकर्ती:
दोघींचे मनापासून आभार! वरचे तीळ कडू का होतात हे आत्ता कळलं. आधीच केलेल्या डबाभर कुकीज आहेत, त्या वाचवता येतील?

प्रतिसाद:
येतील. १५० अंशांना ५ ते ८ मिनिटं ठेवा, मग जाळीवर पूर्ण गार करा. कोमट असताना डब्यात भरल्या तर त्यांचीच वाफ आत अडकते. अंडं आणि मध असल्यामुळे पुन्हा सादळतील, म्हणून त्या दिवशी खायच्या तेवढ्याच गरम करा. नव्या कुकीज मात्र वेगळ्या, घट्ट झाकणाच्या डब्यात ठेवा. एकत्र ठेवल्या तर मऊ कुकीजचा ओलावा त्यांनाही लागेल.