मुद्दाम हलवलेला कॅमेरा: कला की नशीब?

धूसर: शटर उघडं असताना कॅमेरा मुद्दाम हलवून काढलेल्या फोटोंना हल्ली फार वाहवा मिळते. माझं मत विचाराल तर दोनशे फोटो काढायचे, एखादा बरा निघाला की त्याला 'अमूर्त' म्हणायचं, एवढाच हा प्रकार. महिनाभर स्वतः करून पाहिलंय, मगच बोलतोय.

उभी रेघ: कसं केलंत तेही सांगा की. झाडांसमोर कॅमेरा आडवा फिरवलात तर चिखलच होणार. खोडं उभी, तर हातही उभा फिरवायचा. समुद्र असेल तर क्षितिजाला धरून आडवा. हात आधी फिरू द्यायचा, मग शटर दाबायचं, आणि शटर मिटेपर्यंत थांबायचं नाही. मध्येच अडखळलात की रेघेत गाठ दिसते. (कधी कधी तीच गाठ हवी असते, पण ते पुढचं.)

तिपाई: कसरत मान्य. पण फोटोचं बळ तपशिलात असतं. अ‍ॅन्सेल अ‍ॅडम्स, एडवर्ड वेस्टन वगैरे अमेरिकन फोटोग्राफरांनी १९३२ मध्ये 'एफ/६४' गट काढला (एफ/६४ म्हणजे लेन्सचं अगदी बारीक छिद्र, ज्याने सगळं रेखीव येतं), तो अशाच धूसर, चित्रासारख्या फोटोंना वैतागून.

उभी रेघ: तो मऊपणा लेन्सचा आणि छपाईतल्या करामतींचा होता, हाताचा नव्हे. अर्न्स्ट हास या फोटोग्राफरने १९५६ मध्ये स्पेनमधल्या पाम्प्लोनाच्या बैलझुंजी संथ शटरवर, म्हणजे शटर जास्त वेळ उघडं ठेवून टिपल्या. फिल्मच्या रोलमध्ये ३६ फ्रेम, मागे बघायला स्क्रीन नाही. तिथे दोनशेचा हिशेब कसा लावणार?

तिपाई: हाससमोर बैल धावत होता हो! तुमचं झाड कुठे पळतंय?

उभी रेघ: खिडकीशी बसून प्रवास केला नाहीत वाटतं कधी.

नवशिका: भांडण चालू द्या, पण माझा फोटो दुपारी पांढराफटक येतो, त्याचं काय?

उभी रेघ: शटर जास्त वेळ उघडं राहिलं की उजेडही जास्त शिरतो. कडक उन्हात आयएसओ (उजेडाची संवेदनशीलता) १००, एफ/१६ (लेन्सचं छिद्र बारीक) ला शटर साधारण १/१२५ सेकंद येतं, हात फिरवायला फारच कमी. सहा स्टॉपचा एनडी फिल्टर (लेन्सपुढची काळपट काच; एक स्टॉप म्हणजे उजेड निम्मा) उजेड ६४ पटींनी कमी करतो, म्हणजे जवळपास अर्धा सेकंद मिळतो. आणि स्टॅबिलायझेशन, म्हणजे हाताची थरथर सावरणारी सोय, बंद करा. आपण हलवायचं आणि त्याने सावरायचं, असं नको.

धूसर: अरेच्चा. माझं महिनाभर चालूच होतं. मत बदललेलं नाही, पण उद्या पुन्हा जातो. मोजून ३६ काढीन.