मदत हवी आहे: बास्केटबॉल टीमसाठी मराठी कोट्या

आमच्या १४ वर्षांखालील मुलांच्या टीमचा सीझन संपतोय. शेवटच्या दिवशी प्रत्येकाला एक गमतीशीर 'पदवी' द्यायची आहे, एका ओळीची.

आधी अमेरिकन किस्से भाषांतरित करून पाहिले. २००२ मध्ये अमेरिकन बास्केटबॉलपटू ॲलन आयव्हरसन पत्रकारांसमोर 'प्रॅक्टिस' हा एकच शब्द घोळवत बसला होता, ते मराठीत 'सराव, सराव' केलं तर कोणी हसेना. मग आपल्याच म्हणी वाकवल्या. फ्री थ्रो हुकला की रिंगकडे रागाने बघणाऱ्यासाठी 'टाकता येईना, रिंग वाकडी' जमलं. पास न देणाऱ्यासाठी 'हम करे सो बास्केट'. ही जरा ओढूनताणून आहे, पण चालेल.

अडलंय एका मुलापाशी. तो बहुतेक वेळ बेंचवर असतो, पण टाइमआउटला पाण्याच्या बाटल्या घेऊन सगळ्यात आधी तोच धावतो आणि ओरडून ओरडून घसा बसवून घेतो. 'राखीव', 'बाराव्या नंबरचा' असलं काही नको, त्याला लागेल. उंची-वजनावरचे विनोदही नकोत. पालक समोर असतील.

त्याला स्वतःला हसू येईल अशी मराठी म्हण किंवा कोटी कोणाला सुचतेय का?