कुसकूस, दलिया की सांजा? एका कोशिंबिरीच्या निमित्ताने शब्दचर्चा

प्रश्न (अमळनेरहून)

आमच्या महिला मंडळाच्या हस्तलिखित पाककृतिसंग्रहासाठी मी उत्तर आफ्रिकेतून आलेल्या, बारीक दाण्यांच्या कुसकुसाच्या सॅलडची कृती मराठीत लिहीत आहे. पदार्थ अवघड नाही. एक वाटी कुसकूस, तेवढेच उकळते पाणी, काकडी, टोमॅटो, कांद्याची पात, कोथिंबीर, पुदिना, लिंबू आणि तेल एवढ्या सामग्रीत तो होतो, आणि वैशाखात आपल्याकडे शेगडीजवळ उभे राहणे नकोसे होते तेव्हा पाणी उकळण्यापुरताच विस्तव लागतो, ही त्याची मोठी सोय आहे. माझे अडले आहे ते शब्दांपाशी.

पहिल्या मसुद्यात मी ‘कुसकूस म्हणजे दलिया’ असे लिहून मोकळी झाले होते. तो मसुदा वाचून माझ्या धाकट्या जावेने घरातल्या लापशीच्या रव्यावर उकळते पाणी ओतले, पाच मिनिटे झाकून ठेवले आणि वर काकडी-टोमॅटो चिरून घातले. दाणा वरून ओला झाला, पण आत कच्चाच राहिला, दाताखाली कचकच लागू लागली, आणि अर्धा किलो टोमॅटोसकट सगळी परात शेवटी पुन्हा शिजवावी लागली. तिने माझा शब्द पाळला होता. चुकला होता तो शब्दच. तेव्हा आता प्रत्येक शब्द विचारून लिहावा असे ठरवले आहे. ‘कुसकुस’ लिहावे की ‘कुसकूस’? त्याचे लिंग कोणते? या पदार्थाला सॅलड म्हणावे, कोशिंबीर म्हणावे की आणखी काही? मूळ कृतीत ‘हर्ब्ज’ आहे, त्याला कोशात ‘औषधी वनस्पती’ दिले आहे, ते मनाला पटत नाही. ‘ड्रेसिंग’ला काय म्हणावे? आणि भिजलेला कुसकूस काट्याने हलवून सुटा करतात, त्या क्रियेला आपल्याकडे कोणता शब्द आहे?

प्रतिसाद (धुळ्याहून)

ताई, मी आयुष्यभर शाळेत मराठी शिकवले आहे आणि स्वयंपाकातले मला बेताचेच कळते, त्यामुळे शब्दांपुरते बोलतो.

प्रथम दलियाविषयी. दलिया म्हणजे भरडलेला कच्चा गहू, म्हणजेच आपला लापशी रवा. तो शिजवावाच लागतो. पश्चिम आशियातला बुलगुर दिसायला त्याच्यासारखाच असतो, परंतु तो गहू आधी उकडतात, वाळवतात आणि मग भरडतात. लेबनॉन-सीरियाकडच्या तब्बूले या पार्सलीच्या (कोथिंबिरीसारख्या दिसणाऱ्या पाल्याच्या) कोशिंबिरीत तोच घालतात. कुसकूस या दोहोंहून वेगळा आहे. ड्युरम जातीच्या कठीण गव्हाचा रवा परातीत पसरायचा, त्यावर मिठाचे पाणी शिंपडायचे, तळहाताने गोल गोल फिरवत त्याच्या बारीक गोळ्या वळायच्या, वर थोडे कोरडे पीठ भुरभुरायचे, चाळणीने चाळून सारख्या आकाराच्या गोळ्या वेगळ्या काढायच्या आणि त्या वाफवायच्या, अशी त्याची मूळ रीत आहे. म्हणजे कुसकूस हे धान्य नव्हे आणि रवाही नव्हे. रव्यापासून वळलेला तो तयार पदार्थ आहे. बाजारात पाकिटातून मिळणारा कुसकूस तर आधीच वाफवून वाळवलेला असतो, म्हणूनच त्याला उकळत्या पाण्याची पाच मिनिटे पुरतात. आपल्या जाऊबाईंच्या परातीत जे घडले त्याचे कारण एवढेच आहे. ‘सांजा’ हा शब्दही याच कारणाने बाद होतो, कारण सांजा म्हटला की आपल्याला रवा भाजून शिजवलेला पदार्थ किंवा सांजोरीतले सारण आठवते.

मूळ नाव बदलू नये असे माझे ठाम मत आहे. हा उत्तर आफ्रिकेतला पदार्थ आहे, आणि बर्बर म्हणजे अमाझिग लोकांच्या स्वयंपाकाशी त्याचे नाते फार जुने आहे. अल्जेरिया, मॉरिटानिया, मोरोक्को आणि ट्युनिशिया या चार देशांनी मिळून त्याची नोंद मागितली आणि २०२० साली युनेस्कोने कुसकूस बनवण्याची व खाण्याची परंपरा मानवजातीच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत घेतली. एरवी परस्परांशी फारसे न पटणारे शेजारी ज्या नावावर एकत्र आले, ते नाव आपण पुसून तिथे ‘दलिया’ लिहिणे योग्य होणार नाही. आपल्या भाषेतल्या ‘कुस्करणे’ या क्रियापदाशी त्याचे नाते जोडण्याचा मोह होतो, पण ते ध्वनिसाम्य योगायोगाचे आहे. ‘खसखस’ तर पूर्णपणे निराळी वस्तू आहे; दुकानात चिठ्ठी देताना मात्र अक्षर सुवाच्य ठेवावे.

आता लेखन. पाकिटांवर बहुधा ‘कुसकुस’ असे छापलेले दिसते. मराठीत शब्दाच्या शेवटी अकारान्त अक्षर असेल तर त्याआधीचा उकार दीर्घ लिहिण्याची रीत आहे, आणि ती अरबी-फारसीतून आलेल्या शब्दांनाही आपण लावली आहे, जसे कबूल, वसूल, मंजूर. पुनरुक्तीच्या शब्दांतही ‘हुरहूर’, ‘चुळबूळ’ असेच लिहितो. त्या न्यायाने ‘कुसकूस’ लिहावे, आणि विभक्ती लागली की दीर्घाचा ऱ्हस्व होऊन ‘कुसकुसाचा’, ‘कुसकुसात’ असे लिहावे. लिंगाविषयी मी नपुंसकलिंगाकडे झुकतो, कारण अनोळखी परकी वस्तू आपण पुष्कळदा ‘ते’ म्हणूनच घरात घेतो : ते सॅलड, ते सूप.

प्रतिसाद (फैजपूरहून)

सरांचे लेखनाविषयीचे म्हणणे मान्य आहे, पण ‘अनोळखी’ या शब्दाशी मी अडखळले. वाळवणे घातलेल्या कोणत्याही बाईला ही वस्तू अनोळखी वाटणार नाही. लग्नघरी रुखवतासाठी आपण गव्हले करतो. रव्याची कणीक घट्ट भिजवून चिमटीत इवलासा तुकडा घ्यायचा, दोन बोटांत वळून गव्हाच्या दाण्याएवढा करायचा, ताटात वाळवायचा आणि पुढे खिरीत घालायचा. नाव गव्हाचे, रूप दाण्याचे, पण दाणा हाताने केलेला. कुसकूस कणकेतून वळत नाहीत, रव्यावर पाणी शिंपडून वळतात, एवढा फरक आहे. गहूसुद्धा परका नाही. आपल्याकडचा बन्सी गहू ड्युरमच आहे, आणि जुन्या बायका शेवयांसाठी तो मुद्दाम शोधून आणतात.

त्याहून जवळचा नातेवाईक म्हणजे साबुदाणा. तोही झाडाला लागत नाही. ओल्या पिठाच्या गोळ्या करूनच तो तयार होतो. म्हणून कुसकुसासाठी लागणारी सगळी क्रियापदे साबुदाण्याच्या खिचडीत आधीच तयार आहेत. दाणा ‘भिजतो’, ‘फुगतो’, पाणी जास्त झाले की ‘गिचका’ होतो, आणि नीट जमला की ‘मोकळा’ होतो. ताई, तुमच्या शेवटच्या प्रश्नाचे उत्तर हेच आहे : मोकळा करणे. ‘फुलवणे’ लिहू नका, ते कानाला गोड लागते पण हाताला काय करायचे ते सांगत नाही. आणि साबुदाणा, रवा, पोहा हे सगळे ‘तो’ आहेत, तेव्हा कुसकूसही ‘तो’च असावा.

भाज्यांची क्रियापदेही जपून वापरा. काकडीसाठी कोणी ‘चोचवावी’ असे सुचवील, कारण खमंग काकडीला तीच रीत आहे. पण चोचवलेल्या काकडीला पाणी फार सुटते आणि कुसकूस ते सगळे पिऊन लगदा होतो. इथे काकडी ‘बारीक चिरावी’. टोमॅटोचा बियांचा गर ‘काढून टाकावा’. कोथिंबीर आधी ‘निवडावी’, मग चिरावी. पुदिन्याची पाने ‘खुडावी’ आणि हातानेच तोडावी, कारण सुरीने फार बारीक केली की ती लवकर काळी पडतात. या एकेका शब्दामागे एकेक कृती आहे. सगळीकडे ‘कापणे’ लिहिले तर वाचणारीला निम्मी माहिती मिळतच नाही.

प्रतिसाद (शहाद्याहून)

हर्ब्जविषयी दोन ओळी. ‘औषधी वनस्पती’ लिहिले की वाचकाच्या डोळ्यांपुढे अडुळसा आणि गुळवेल येतात. ‘हिरवा मसाला’ लिहिले तर आपल्याकडची बाई मिरची-लसूण-कोथिंबीर वाटून घेईल. समूहवाचक शब्दाचा हट्ट सोडून सरळ ‘कोथिंबीर व पुदिना’ लिहावे, आणि आवडत असेल तर त्यात थोडा कोवळा शेपू. वऱ्हाडाला लागून असलेल्या गावांत प्रत जाणार असेल तर कोथिंबिरीचे तिकडचे नाव ‘सांभार’ हेही तिच्या शेजारी द्यावे. पार्सली मिळाली तर तिला पार्सलीच म्हणावे. ‘अजमोदा’ म्हटले की आपल्याकडे वाण्याच्या दुकानातल्या बिया समजतात. प्रमाणही शब्दांतून कळले पाहिजे. या पदार्थात हिरवी पाने वरून भुरभुरायची नसतात, ती भाजीइतकीच असतात, म्हणून ‘चमचाभर’ न लिहिता ‘एक जुडी’ असे लिहावे.

प्रतिसाद (धुळ्याहून)

साबुदाण्याचा मुद्दा मला सुचला नव्हता. नपुंसकलिंगाचा आग्रह मी जवळजवळ सोडतो.

राहिले पदार्थाचे नाव. ‘काला’ हा शब्द माझ्या मनात आला होता, कारण त्यात कालवण्याचा अर्थ आहे. पण सप्ताहाच्या शेवटी काल्याचे कीर्तन ऐकलेल्या माणसाला त्या शब्दात गोपाळांची शिदोरी दिसते, लिंबू-पुदिना दिसत नाही. ‘कोशिंबीर’ पुष्कळ जवळची आहे : कच्च्या भाज्या, मीठ, लिंबू, आणि चुलीचा अभाव. अडचण तिच्या जागेची आहे. कोशिंबीर ताटात डाव्या बाजूला चमचाभर वाढतात, तर हा पदार्थ वाटीभर खाल्ला जातो आणि भाकरीची गरज ठेवत नाही. कोकणातले दडपे पोहे या बाबतीत त्याचे खरे सोयरे म्हणावे लागतील, कारण तेही न शिजवता, ओलाव्यात दडपून मऊ केलेले धान्यच आहे. तरीही नावात ‘कोशिंबीर’ ठेवावी असे मला वाटते. शब्दाची जागा थोडी रुंद झाली तर त्याचे नुकसान होत नाही. कानडी मुलखातल्या कोसंबरीत भिजवलेली मुगाची डाळ असतेच, मग आपल्या कोशिंबिरीत कुसकूस यायला हरकत कसली?

‘ड्रेसिंग’साठी मात्र ‘कालवण’ हे नाम टाळावे. आपल्याकडे कालवण म्हणजे भाकरीबरोबरचा रस्सा. नामाऐवजी क्रिया लिहावी : ‘लिंबाचा रस, तेल व मीठ एकजीव करून घ्यावे’.

प्रतिसाद (अमळनेरहून)

सर्वांची मी मनापासून ऋणी आहे. काल पुन्हा करून पाहिला, आणि लिंगाचा प्रश्न घरातच सुटला. सासूबाई ओट्याशी आल्या, त्यांनी कोरडा कुसकूस चिमटीत घेऊन चोळून पाहिला आणि विचारले, “हाऊ काय शे वं?” पदार्थ काय आहे हे ठाऊक नसतानाही त्यांच्या तोंडी अहिराणीतले पुल्लिंगी ‘हाऊ’ आले. मी पाणी ओतून झाकण ठेवले. पाच मिनिटांनी त्यांनीच झाकण काढले, माझ्या हातातला काटा बाजूला सारला, तेलाचा हात लावून बोटांनी खालून वर दाणे उचलले आणि म्हणाल्या, “हाऊ तं मोकया व्हई गया.” फैजपूरच्या ताईंनी सुचवलेला शब्द, त्यातल्या ळ-चा य होऊन, मला असा आमच्या ओट्यावर ऐकायला मिळाला. म्हणून कृतीत मी ‘काट्याने’च्या जोडीला ‘किंवा बोटांनी’ असेही लिहिले आहे.

सुधारलेला मजकूर असा आहे. अजून कुठे खटकत असेल तर सांगावे.

कुसकुसाची कोशिंबीर. एक वाटी कुसकूस पसरट भांड्यात घ्यावा. त्यात अर्धा चमचा मीठ व एक चमचा तेल घालून वर एक वाटी उकळते पाणी ओतावे आणि लगेच झाकण ठेवावे. पाच मिनिटांनी झाकण काढून काट्याने किंवा तेलाच्या बोटांनी तो मोकळा करावा आणि परातीत पसरून पूर्ण निवू द्यावा. गरम असताना भाज्या घातल्यास त्यांना पाणी सुटते. दोन कोवळ्या काकड्या व दोन टोमॅटो बारीक चिरावेत, टोमॅटोचा बियांचा गर काढून टाकावा. कांद्याची पात व एक जुडी निवडलेली कोथिंबीर चिरून घ्यावी. दोन लिंबांचा रस, तीन चमचे तेल व चवीपुरते मीठ एकजीव करून ते कुसकुसावर ओतावे, भाज्या घालून हलक्या हाताने वरखाली करावे आणि अर्धा तास मुरू द्यावे. पुदिन्याची खुडलेली पाने वाढायच्या वेळी हाताने तोडून घालावीत. (लापशी रवा, दलिया किंवा सांज्याचा रवा या कृतीत चालत नाही.)