मात्सुमोतो किल्ला आणि जुनं गाव: गाइडसोबत एक दिवस, मदत हवी आहे

नमस्कार मंडळी. टोकियोहून एका दिवसात मात्सुमोतो करायचं आहे. सोबत सत्तरीचे दोघे, दोघेही शाकाहारी. शिंजुकूहून आझुसा गाडीला साधारण अडीच तास. तिच्यात सगळी आसनं आरक्षित, म्हणून तिकिटं आधीच काढू.

खरी अडचण किल्ल्याच्या मुख्य बुरुजाची. बाहेरून पाच मजले दिसतात, आत सहा आहेत. लिफ्ट नाही, लाकडी जिने अरुंद आणि काही ठिकाणी 61 अंशांपर्यंत उभे. बूट काढून पिशवीत घेऊन चढायचं, म्हणजे एक हात अडकलेला. मोजे घसरतात ते वेगळंच. गर्दीत जिन्यावर रांग थांबते, मध्येच मागे फिरणं कठीण.

1. गाइड ज्येष्ठांना खंदकाजवळ, बागेत थांबवून बाकीच्यांना वर नेतात का? की दोन गाइड लागतील?
2. किल्ल्यावरचे मोफत स्वयंसेवक गाइड नाकामाची या जुन्या व्यापारी रस्त्यापर्यंत येतात का? 1888च्या आगीनंतर उभी राहिलेली तिथली पांढऱ्या भिंतींची कोठारं नीट समजून घ्यायची आहेत. घाईत उरकावी अशी ती जागा नाही.
3. सोबाच्या (बकव्हीटच्या नूडल्सच्या) त्सुयूत, म्हणजे सोबतच्या रश्शात, बहुधा माशाचा अर्क असतो. त्याविना सोबा देणारं दुकान माहीत आहे का?

शेवटचा प्रवेश 4:30ला, म्हणून किल्ला सकाळीच ठेवतोय. ज्येष्ठांना नेलेल्यांनी जरूर लिहा.