प्रतिसाद: क्लेमेंतेचे ३००० फटके आणि ते विमान

पिट्सबर्ग पायरेट्सचा बेसबॉलपटू रॉबर्टो क्लेमेंते याच्याबद्दल आधीच्या पोस्टमध्ये दोन गोष्टी आल्या आहेत: त्याचा ३००० वा हिट (बेस गाठून देणारा फटका) ही त्याची शेवटची खेळी, आणि त्याचा जीव घेणारं विमान वादळात सापडलं. दोन्हींत दुरुस्ती हवी.

तो हिट ३० सप्टेंबर १९७२ चा, न्यूयॉर्क मेट्स संघाच्या जॉन मॅटलॅकच्या चेंडूवर मारलेला डबल, म्हणजे दुसऱ्या बेसपर्यंत पोहोचवणारा हिट. त्यानंतर ३ ऑक्टोबरला तो फक्त क्षेत्ररक्षणाला उतरला. पुढे प्लेऑफमध्ये (नियमित हंगामानंतरच्या बाद फेरीत) बॅटिंगही केली, पण तिथले हिट कारकिर्दीच्या आकड्यात धरत नाहीत. म्हणून आकडा बरोबर ३००० वर थांबला.

विमानाचं म्हणाल तर दोष वादळाचा नव्हे. जुनं डीसी-७ विमान, मर्यादेपेक्षा सुमारे ४२०० पौंड जास्त माल, त्यात पोर्तो रिकोतल्या सान हुआनहून उडताच इंजिनात बिघाड. निकाराग्वाची राजधानी मनाग्वा इथल्या भूकंपग्रस्तांसाठी आधी पाठवलेली मदत मधल्यामध्ये लाटली जात असल्याचं कळल्यामुळेच तो ३१ डिसेंबरला स्वतः निघाला होता. मृतदेह कधीच सापडला नाही.

निवृत्तीनंतर पाच वर्षं थांबण्याची हॉल ऑफ फेमची (बेसबॉलमधल्या दिग्गजांच्या सन्मान-यादीची) अट त्याच्यासाठी बाजूला ठेवून १९७३ मध्येच निवड झाली. पिट्सबर्गच्या पीएनसी पार्क या मैदानातली उजवीकडची भिंत त्याच्या सन्मानार्थ २१ फूट उंच आहे, कारण त्याचा जर्सी क्रमांक २१. बॅटिंगइतकाच त्याचा चेंडू फेकणारा हातही जबर होता, उत्तम क्षेत्ररक्षणासाठीचे बारा गोल्ड ग्लव्ह पुरस्कार उगाच नाहीत मिळाले!