पासपोर्ट काढताना, नूतनीकरण करताना आणि हरवल्यावर आलेले अनुभव

पासपोर्टचा अर्ज आणि शुल्क आता घरबसल्या भरता येते. ठरलेल्या वेळी पासपोर्ट केंद्रात गेल्यावर टोकन मिळते आणि ए, बी व सी या तिन्ही काउंटरांवरचे काम बहुतेकांचे एकाच फेरीत उरकते. असे असूनही अनेक जण आजही एजंटाकडे जातात, कारण आपले कागद पुरे पडतील की नाही याची धास्ती त्यांना वाटते. छत्तीस पानी पासपोर्टला प्रौढांसाठी १,५०० रुपये आणि तत्काळसाठी आणखी २,००० रुपये लागतात, हे कोठेही वाचायला मिळते; परंतु नेमका कोणता कागद अडला आणि तो कशाने सुटला, हे ज्याच्यावर वेळ आली तोच सांगू शकतो. म्हणून विनंती अशी, की आपण आपल्या प्रकरणातली अडचण आणि तिचा शेवट दोन्ही सविस्तर लिहावे, म्हणजे पुढच्या अर्जदाराला त्याचा उपयोग होईल.

विवाहानंतर नाव बदलणारी अर्जदार, मुंबई

आपल्याकडे विवाहानंतर केवळ आडनाव बदलत नाही, मधले नावही बदलते. त्यामुळे माझ्या तीन शब्दांच्या नावातले दोन शब्द नवे झाले होते. दहावीचे प्रमाणपत्र आणि जुना पासपोर्ट माहेरच्या नावाचा, आधार व पॅन सासरच्या नावाचे, आणि बँकेच्या पासबुकात पतीचे नाव मधे घालून आडनाव मात्र माहेरचेच राहिलेले, अशी माझी स्थिती होती. विवाहानंतर पासपोर्टमधले नाव बदललेच पाहिजे असे कोणतेही बंधन नाही, हे येथे आवर्जून नमूद करते, कारण घरोघरी याबाबत चुकीची समजूत आहे. ज्यांची सर्व कागदपत्रे माहेरच्या नावाची आहेत त्यांनी ती तशीच ठेवावीत, असे माझे स्पष्ट मत आहे. माझे रोजचे व्यवहार नव्या नावाने होत असल्यामुळे मी बदलाचा मार्ग निवडला. आधी बँकेतील नाव दुरुस्त करून घेतले, मग नोंदणी कार्यालयाचा विवाह दाखला, जुना पासपोर्ट आणि आधार घेऊन रीइश्यूचा, म्हणजे पासपोर्ट नव्याने काढून घेण्याचा अर्ज केला. अर्जात स्वतःचे व मधले नाव एकाच रकान्यात आणि आडनाव वेगळ्या रकान्यात लिहावे लागते. आपल्या गुणपत्रिकांवर आडनाव आधी छापलेले असते, त्यामुळे तेथे पाहून उतरवणाऱ्यांनी विशेष काळजी घ्यावी. बी काउंटरवरच्या अधिकाऱ्यांनी विवाह दाखल्यातले स्पेलिंग आधारशी अक्षरशः ताडून पाहिले. ते जुळत असल्यामुळे पुढे काहीही विचारणा झाली नाही. जुना पासपोर्ट रद्द करून परत मिळतो. त्यात एखादा व्हिसा चालू असेल, तर प्रवासात दोन्ही पासपोर्ट जवळ बाळगावेत.

वडिलांसाठी अर्ज भरणारा मुलगा, सातारा जिल्हा

माझ्या वडिलांचे शिक्षण चौथीपर्यंत झाले असून वय साठीच्या पुढे आहे. बहीण आखाती देशात असते आणि तिच्याकडे त्यांना पाठवायचे होते. दहावी उत्तीर्ण नसल्यामुळे पासपोर्टवर ईसीआर (काही देशांत नोकरीसाठी जाण्यापूर्वी सरकारी परवानगी आवश्यक) असा शेरा पडेल आणि तो काढून देण्यासाठी वेगळे पैसे लागतील, असे एका एजंटाने आम्हाला सांगितले. नियम वाचल्यावर कळले, की पन्नास वर्षांवरील व्यक्तीला हा शेरा लागू होत नाही आणि त्यासाठी वयाचा पुरावा पुरेसा असतो. अशिक्षित माणसांच्या अज्ञानावर पैसे उकळले जातात याचा मला मनापासून संताप येतो, म्हणून हे लिहीत आहे. शेतीकामामुळे वडिलांच्या बोटांचे ठसे लवकर उमटत नव्हते; केंद्रातील कर्मचारी मुलीने त्यांना हात धुऊन येण्यास सांगितले आणि न कंटाळता पुन्हा पुन्हा ठसे घेतले. टपाल कार्यालयांतील पासपोर्ट केंद्रे २०१७ पासून सुरू झाली, त्यामुळे त्यांच्यासारख्या माणसाला पुण्यापर्यंत जावे लागले नाही.

तान्ह्या बाळाची आई, नागपूर

चार वर्षांखालील बाळाचा फोटो केंद्रात काढत नाहीत. पांढऱ्या पार्श्वभूमीवरचा, साडेचार गुणिले साडेतीन सेंटिमीटरचा फोटो आपणच न्यावा लागतो. आई व वडील दोघांच्या सह्यांचे ॲनेक्शर डी, म्हणजे पालकांचे संमतीपत्र जोडावे. १ ऑक्टोबर २०२३ रोजी वा त्यानंतर जन्मलेल्यांसाठी जन्मतारखेचा पुरावा म्हणून फक्त जन्मदाखलाच चालतो. आमच्या दाखल्यात बाळाचे नावच नव्हते. ते आधी नोंदवून घेतले आणि मगच अपॉइंटमेंट घेतली. लहान मुलांचा पासपोर्ट पाच वर्षेच चालतो, हेही ध्यानात ठेवावे.

भाड्याच्या घरात राहणारा नोकरदार, पुणे

पोलीस पडताळणी सध्याच्या पत्त्यावर होते. अर्ज केल्यानंतर लगेच घर बदलायचे असेल, तर अर्ज थोडा पुढे ढकलणे हिताचे आहे, कारण अर्जदार पत्त्यावर आढळला नाही असा अहवाल गेल्यास प्रकरण रेंगाळते. माझ्या एका सहकाऱ्याचे तसेच झाले आणि त्याला नव्या पत्त्याचे पुरावे घेऊन पुन्हा पडताळणी करून घ्यावी लागली.

परदेशात पासपोर्ट हरवलेली प्रवासी, ठाणे

पर्समधून पासपोर्ट गेला हे लक्षात येताच मी स्थानिक पोलिसांत तक्रार नोंदवली आणि तिची प्रत घेऊन भारतीय दूतावास गाठला. परतीचे विमान जवळ आलेले होते, त्यामुळे त्यांनी इमर्जन्सी सर्टिफिकेट दिले. हा कागद केवळ भारतात परतण्यापुरताच असतो. त्यावर तिसऱ्या देशात जाता येत नाही. परदेशी विमानतळावर निघण्याची परवानगी घेताना व्हिसा आणि आगमनाच्या शिक्क्याची छायाप्रत मागितली गेली, आणि ती माझ्या ईमेलमध्ये असल्यामुळेच मी त्या विमानात बसू शकले. येथे आल्यावर ॲनेक्शर एफ (पासपोर्ट हरवल्याचे प्रतिज्ञापत्र) आणि पोलीस तक्रारीसह पुन्हा अर्ज केला. हरवलेल्या पासपोर्टच्या बदल्यात छत्तीस पानी पासपोर्टला ३,००० रुपये पडतात. पासपोर्टच्या पहिल्या व शेवटच्या पानाची आणि चालू व्हिसाची प्रत सोबतच्या प्रवाशाकडेही ठेवावी, कारण फोनही त्याच पर्समध्ये असू शकतो.